उपकार फेडा, पण स्वतःच्या खिशातून



परवाच्या बॅचमध्ये एका ताईंनी उभं राहून प्रश्न विचारला. त्यांचा घरगुती मसाल्यांचा व्यवसाय आहे, सुरू करून जेमतेम वर्ष झालंय. त्या म्हणाल्या, "मॅडम, आमच्या गल्लीतल्या एका दुकानदारानं पहिल्या दिवसापासून माझी पाकिटं काउंटरवर ठेवली. तेव्हा मला कुणी ओळखतही नव्हतं. आता त्याच्याकडे माझे आठ हजार चार महिने अडकलेत. मागायला तोंड उघडत नाही. त्याचे उपकार आहेत ना माझ्यावर!"

अर्धी बॅच म्हणाली, "सोडून द्या ताई, माणूस महत्त्वाचा." उरलेली अर्धी म्हणाली, "माल बंद करा, धंद्यात नाती नसतात." दहा मिनिटं नुसता गोंधळ. मला दोन्ही उत्तरं पटली नाहीत, पण तिथल्या तिथे नीट सांगताही आलं नाही. त्या आठवड्याच्या व्हिडिओत मी दोन मिनिटं बोलले, पण विषय दोन मिनिटांचा नाही. म्हणून आज सविस्तर लिहितेय.

आणि उत्तर सांगायला मी तुम्हाला एका सिनेमाकडे घेऊन जाणार आहे. शंभर वर्षांहून जुना, मुका, काळा-पांढरा, सतरा-अठरा मिनिटांचा. घाबरू नका, चहा संपायच्या आत बघून होतो. कॉपीराइट कधीच संपलाय, त्यामुळे इंटरनेटवर फुकट सापडतो.

सिनेमा कुठला?

नाव आहे 'द मस्केटिअर्स ऑफ पिग ॲली'. अमेरिकेत ३१ ऑक्टोबर १९१२ ला आला. म्हणजे आपल्या दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत लागायला अजून सहा महिने होते. दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ, कंपनी बायोग्राफ, कॅमेरा बिली बिट्झर यांचा. न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीतल्या गुंडांवरचा हा सिनेमा गुन्हेगारीपटांच्या अगदी सुरुवातीच्या सिनेमांपैकी एक मानला जातो. २०१६ मध्ये अमेरिकेनं तो आपल्या राष्ट्रीय चित्रपट यादीत, म्हणजे जपून ठेवायच्या सिनेमांच्या यादीत घेतला.

एक गोष्ट आधीच सांगून टाकते. याच ग्रिफिथनं १९१५ मध्ये 'द बर्थ ऑफ अ नेशन' नावाचा उघड वर्णद्वेषी सिनेमा काढला. त्यामुळे तो मोठा सज्जन होता असं मी सांगत नाहीये. मला बोलायचंय ते या एका छोट्या सिनेमाबद्दल.

गोष्ट अशी. एका चाळवजा इमारतीत एक तरुण वादक आणि त्याची बायको राहतात. सोबत तिची म्हातारी आई. घरात पैसा नाही. वादक चार पैसे कमवायला बाहेरगावी जातो. मागे आई जाते. बायकोचं काम केलंय लिलियन गिशनं. ती त्याच वर्षी सिनेमात आली होती आणि पुढे पंचाहत्तर वर्षं काम करत राहिली.

या वस्तीत एक गुंड आहे, नाव 'स्नॅपर किड'. काम केलंय एल्मर बूथनं. तो त्या मुलीच्या मागे लागतो, ती त्याला झिडकारते. इकडे नवरा कमाई घेऊन घरी यायला निघतो आणि वाटेत हाच स्नॅपर किड त्याला मारून त्याचं पाकीट पळवतो. महिनोन् महिन्यांची कमाई दारात येऊन गेली!

आता गंमत बघा. मन रमवायला ती मुलगी मैत्रिणीबरोबर एका नाचाच्या कार्यक्रमाला जाते. तिथे दुसऱ्या टोळीचा म्होरक्या तिच्या पेयात गुंगीचं औषध टाकतो. तिला काही पत्ता नाही. स्नॅपर किड हे बघतो, मध्ये पडतो आणि तिला तो ग्लास पिऊ देत नाही. झालं, दोन टोळ्यांत वैर. शेवटी एका बोळात गोळीबार होतो. त्या धुमश्चक्रीत वादक काय करतो? स्नॅपर किडकडून आपलं पाकीट हिसकावून परत घेतो आणि घर गाठतो.

पोलीस येतात. स्नॅपर किड निसटतो आणि नेमका त्या जोडप्याच्या खोलीत शिरतो. मुलगी आता आपल्याबरोबर येईल असं त्याला वाटत असतं. ती नवऱ्याकडे बोट दाखवते. त्याला आश्चर्य वाटतं, पण तो दंगा करत नाही, निघून जातो. दाराबाहेर पोलीस त्याला धरतो. तो म्हणतो, मी इथेच होतो, विचारा यांना. पोलीस त्या जोडप्याला विचारतो. आणि ते दोघं म्हणतात, हो, हा आमच्याकडेच होता.

तेव्हा पडद्यावर जी पाटी येते तिचा अर्थ साधारण असा: भलाईला भलाईनं उत्तर द्यावं.

पोलीस त्याला सोडून जातो. आपल्याला बरं वाटतं. मला तर दर वेळी वाटतं. गुंड असला तरी त्यानं तिला वाचवलं होतं, तिनं त्याला वाचवलं, फिट्टंफाट.

पण सिनेमा इथे संपत नाही. शेवटी एक छोटासा प्रसंग आहे. स्नॅपर किड उभा आहे आणि चौकटीच्या बाहेरून एक हात येतो. फक्त हात. माणूस दिसत नाही. त्या हातात नोटा आहेत. सोबतच्या पाटीचा अर्थ: व्यवस्थेच्या साखळीतले दुवे. संपला सिनेमा.

तो हात कुणाचा?

तेव्हाच्या न्यूयॉर्कच्या प्रेक्षकाला हे समजावून सांगावं लागलं नसेल. सिनेमा येण्याच्या साडेतीन महिने आधी, १६ जुलै १९१२ ला, हर्मन रोझेन्थाल नावाच्या जुगारअड्डेवाल्याला शहरातल्या एका हॉटेलच्या दाराबाहेर गोळ्या घालून मारलं होतं. त्यानं काही दिवस आधी वर्तमानपत्रात सांगितलं होतं की चार्ल्स बेकर नावाचा पोलीस अधिकारी आपल्या अड्ड्याच्या कमाईत वाटा घेतो. बेकरवर खुनाचा खटला चालला आणि १९१५ मध्ये त्याला मृत्युदंड झाला. १९१२ चा अख्खा उन्हाळा न्यूयॉर्कच्या पेपरांत हाच विषय होता: गुंड, अड्डे, पोलीस, वाटा.

म्हणजे ग्रिफिथनं काय केलं बघा. एकामागोमाग एक दोन देवाणघेवाणी दाखवल्या. पहिली त्या जोडप्याची, मदतीच्या बदल्यात मदत. दुसरी त्या हाताची, कशाच्या तरी बदल्यात पैसा. दोन्हीत कुणीतरी कुणाला तरी देतंय. वरून बघितलं तर दोन्ही सारख्याच दिसतात. फरक कुठे आहे ते सिनेमा बोलून दाखवत नाही. तो आपल्याला शोधायचाय.

आणि मंडळी, धंद्यात उतरलेल्या माणसाला हा फरक कळणं फार गरजेचं आहे. कारण आपल्याकडे या दोन्ही गोष्टींना एकच शब्द वापरतात: "संबंध." संबंध ठेवा. संबंध जपा. संबंधांवर धंदा चालतो. बरोबरच आहे. पण कुठले संबंध?

पहिली गोष्ट: भलाई ही मार्केटिंगची स्कीम नाही

हल्ली एक फॅशन आलीय. ट्रेनर लोक सांगतात, "आधी द्या, दहापट परत येईल." मीही सुरुवातीच्या काळात असंच सांगायचे, खोटं कशाला बोलू. टाळ्या पडतात. पण आता मी हे वाक्य वापरणं सोडलंय.

का ते स्नॅपर किडकडे बघून सांगते. त्यानं त्या मुलीला वाचवलं तेव्हा त्याच्या डोक्यात काही हिशेब असला तर तो एवढाच, की मुलगी आपल्याला मिळावी. ती मिळाली नाही. जे मिळालं ते त्यानं कधी मागितलं नव्हतं, त्याची कल्पनाही नव्हती: ऐन वेळी एक साक्ष.

भलाई परत येते तेव्हा अशीच येते. ज्या खात्यात भरली त्या खात्यातून येत नाही, ठरल्या तारखेला येत नाही आणि कधीकधी येतच नाही. तुम्ही एखाद्या गिऱ्हाइकाला पावसात स्वतःची छत्री दिली म्हणून तो पुढच्या आठवड्यात दोन हजारांची खरेदी करेल, अशा हिशेबानं छत्री देऊ नका. छत्री परत नाही आली तर तुम्ही त्याला मनात शिव्या घालणार, आणि पुढच्या पावसात दुसऱ्या कुणाला छत्री देणार नाही.

परतफेडीची वाट बघत केलेली मदत ही व्याजानं दिलेली उधारी असते. उधारी द्यायला माझी हरकत नाही, पण मग ती वहीत लिहा, मुदत सांगा आणि वसूल करा. तिला भलाई म्हणू नका.

माझ्या दुकानात मी सोपा नियम ठेवलाय. मदत करायचीच असेल तर बुडाली तरी झोप उडणार नाही एवढीच करायची. महिन्याला एक ठरावीक रक्कम बाजूला असते, पंधराशे रुपये. त्यातून कुणाला दोन डबे जास्त गेले, कुणाचा सुटा माल घरपोच गेला, कुणा विद्यार्थ्याला खोके फुकट दिले, सगळं त्यात. ते पैसे गेले असं धरूनच मी महिना सुरू करते. परत काही आलं तर बोनस.

दुसरी गोष्ट: दोन खाती, दोन पानं

आता मसालेवाल्या ताईंच्या प्रश्नाकडे येते.

सिनेमातल्या त्या वादकाकडे परत बघा. वॉल्टर मिलर नावाच्या नटानं ते काम केलंय. लोक लिलियन गिशबद्दल बोलतात, एल्मर बूथबद्दल बोलतात. स्नॅपर किड भिंतीच्या कडेनं सरकत कॅमेऱ्याच्या इतक्या जवळ येतो की त्याचा चेहरा पडदा भरून टाकतो, त्या शॉटबद्दल तर पुस्तकांतून लिहिलं जातं. वादकाकडे कुणाचं लक्ष जात नाही. मला मात्र दुकानदार म्हणून तोच सगळ्यात शहाणा वाटतो.

ज्यानं त्याला लुटलं, त्याच माणसानं त्याच्या बायकोला वाचवलं. आता यानं काय करावं? एक रस्ता: "जाऊ दे, बायकोला वाचवलंय त्यानं, पाकीट गेलं तर गेलं." दुसरा रस्ता: "चोर आहे, त्यानं वाचवलं म्हणून काय झालं, जाऊ दे तुरुंगात." बॅचमध्ये जी दोन उत्तरं आली तीच ही, बरोबर ना?

वादक दोन्ही करत नाही. तो पाकीट परत घेतो. आणि नंतर उपकारही फेडतो. वजावट करत नाही. लुटीचं खातं वेगळं, ते वसूल केलं. उपकाराचं खातं वेगळं, तिथे देणं होतं, ते दिलं.

आपण धंद्यात नेमकी इथेच चूक करतो. सगळं एकाच पानावर लिहितो. "त्यानं मला पहिली ऑर्डर दिली होती, मग त्याला उधारीबद्दल कसं बोलू." "मामेभावानं दुकानाचा गाळा मिळवून दिला, मग तो माल फुकट नेतो तर कसं अडवू." "जुनं गिऱ्हाईक आहे, दहा लोक आणलेत त्यांनी, मग माझ्या कामाच्या मुलीवर ओरडले तरी गप्प बसते."

हळूहळू काय होतं? उपकाराचा आकडा कुणी लिहिलेला नसतो, त्यामुळे तो कधी संपत नाही. उधारी मात्र खरी असते, ती वाढत जाते. आणि एक दिवस तुम्ही त्या माणसाचा राग करायला लागता. ज्यानं तुम्हाला पहिल्यांदा उभं केलं, त्याचाच राग. यापेक्षा मोठं नुकसान नाही.

म्हणून त्या ताईंना मी आता सांगते: आठ हजार मागा. चिठ्ठी पाठवून किंवा दुसऱ्याच्या तोंडून नाही. स्वतः जा, वही घेऊन जा, हसून मागा. एकदम जमत नसतील तर दर सोमवारी हजार ठरवा. आणि उपकार वेगळा फेडा. दिवाळीच्या आधी त्यांच्या दुकानासाठी स्वतःच्या खर्चानं एक छोटा स्टँड करून द्या. तुमच्याकडे येणाऱ्या नव्या गिऱ्हाइकाला सांगा, "माझे मसाले जवळ हवे असतील तर त्यांच्या दुकानात मिळतात." त्यांच्या घरी कार्य असेल तर मसाला तुमच्याकडून, बिल न करता. मनापासून द्या. पण आठ हजार त्यात वळते करू नका.

तिसरी गोष्ट: फेडताना कुणाचा खिसा?

आता अवघड भाग. इथे मला माझी गोष्ट सांगावी लागेल.

माझं पॅकेजिंग मटेरियलचं दुकान आहे हे तुम्हाला माहीत आहेच. डबे, खोके, पाऊच, टेप. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये शटर बंद झालं तेव्हा दुकान काढून मला दीड वर्षं झालं होतं. होलसेलवाल्या एका काकांचे माझ्याकडे १,८०,००० रुपये होते. त्यांच्याकडे माझा चेक पडलेला होता. तो त्यांनी बँकेत टाकला असता तर परत आला असता, आणि माझं नाव बाजारात संपलं असतं. मी रडकुंडीला येऊन फोन केला. ते म्हणाले, "पोरी, चेक माझ्या ड्रॉवरमध्ये आहे. तू सांगशील तेव्हाच बाहेर काढीन." पाच महिने थांबले. एक रुपया व्याज नाही, एक टोमणा नाही.

आज माझं दुकान आहे ते त्या ड्रॉवरमुळे. हे मी आजही मानते.

दोन-अडीच वर्षांनी मार्चएंडला त्यांचा फोन आला. "पोरी, एक काम कर. माझ्या नावानं पाच लाखांचं बिल फाड. माल पाठवू नकोस. पैसे बँकेतून पाठवतो, टॅक्स ठेवून घे, बाकीचे मला कॅशमध्ये परत दे. यंदा नफा जास्त दिसतोय, खर्च दाखवायचाय. तुला एक पैशाचा तोटा नाही."

मी लगेच नाही म्हणू शकले नाही. "बघते काका" म्हणून फोन ठेवला आणि दोन रात्री झोपले नाही.

तुम्ही म्हणाल, यात विचार काय करायचा, सरळ चूक आहे. कागदावर सरळ आहे. मालाशिवाय बिल देणं हा जीएसटी कायद्यानं गुन्हा आहे, देणाऱ्यावरही आणि घेणाऱ्यावरही कारवाई होते. हे मी स्वतः बॅचमध्ये शिकवते! पण ज्या माणसानं तुमचा चेक पाच महिने ड्रॉवरमध्ये ठेवला त्याचा आवाज कानात असताना ते सरळ राहत नाही. आणि मला त्या वेळी काय आठवत होतं माहितेय? तो सिनेमा. ते जोडपं. ती पाटी. भलाईला भलाईनं उत्तर. त्या दोघांनी तरी काय केलं, पोलिसाला खोटंच सांगितलं ना? मग मी एक बिल फाडलं तर काय बिघडलं?

दुसऱ्या रात्री मी तो परत लावला. या वेळी शेवटच्या हातापाशी थांबले.

मला असं वाटतं, ग्रिफिथनं तो हात त्या साक्षीच्या लगेच नंतर मुद्दाम ठेवलाय. आधी तो आपल्याला त्या खोट्या साक्षीवर खूश करतो. आपण म्हणतो, छान झालं. आणि मग दाखवतो की हे इथे थांबत नाही. गुंड सुटला, उद्या परत त्याच बोळात उभा राहणार, परत एखाद्या वादकाचं पाकीट जाणार. त्या जोडप्यानं जे दिलं त्याची किंमत त्यांनी मोजलीच नाही. ती मोजणार वस्तीतला दुसरा कुणीतरी. त्यांना मी दोष देत नाही. दारात गुंड, समोर पोलीस, हातात एक क्षण. मी असते तर मीही तेच बोलले असते बहुतेक. पण मला दोन दिवस मिळाले होते. आणि माझ्या दारात कुणी बंदूक घेऊन उभं नव्हतं.

काकांचं वाक्य आठवा: "तुला एक पैशाचा तोटा नाही." तिथेच तर सगळी गोम होती. मला तोटा नाही, त्यांना तोटा नाही, मग फायदा कुठून येतोय? दुसऱ्या कुणाच्या तरी खिशातून. ज्या परतफेडीत माझा काहीच खर्च होत नाही, ती माझी परतफेड नाहीच. मी फक्त दुसऱ्याचा पैसा इकडून तिकडे सरकवणारा हात असते. चौकटीबाहेरून आलेला तो हात.

मी त्यांना भेटायला गेले. फोनवर नाही सांगितलं. म्हणाले, "काका, बिल माझ्याच्यानं होणार नाही. पण तुमचे २,१०,००० माझ्याकडे आहेत, मुदत ४५ दिवसांची आहे. ते आज देते. पुढच्या दोन महिन्यांच्या मालाचा ॲडव्हान्सही आज देते." त्यासाठी मी माझ्या खात्यात होतं नव्हतं ते सगळं काढलं होतं. पुढचे दोन महिने घरखर्च कसा काढला ते माझ्या नवऱ्याला विचारा.

काकांनी चेक घेतला. चहा मागवला नाही.

त्यानंतर त्यांनी मला उधारीवर माल दिलेला नाही. रोख पैसे, रोख माल. ४५ दिवसांची मुदत गेली म्हणजे माझं भांडवल किती अडकलं ते तुमच्यातल्या दुकानदारांना सांगायला नको. मी दुसरे सप्लायर शोधले, पण त्यांच्यासारखा रेट मिळाला नाही. दिवाळीला मी अजूनही फराळ घेऊन जाते. काकू बोलतात. काका मान हलवतात.

हे मी तुम्हाला "सत्याचा विजय झाला" म्हणून सांगत नाहीये. विजय वगैरे काही झाला नाही. माझं नुकसान झालं, आणि एक जवळचा माणूस दुरावला. आणि तो ॲडव्हान्स देऊन त्यांचा उपकार फिटला असंही मला वाटत नाही. ते खातं अजून उघडं आहे. पण ते माझ्या नावावर उघडं आहे आणि फेडायचं ते माझ्याच पैशातून, माझ्याच वेळातून फेडणार आहे.

मग ओळखायचं कसं?

तुमच्यापैकी बऱ्याच जणांवर हा प्रसंग येणार आहे. बिलाचा नाही तर दुसरा कसला. कुणी म्हणेल जामीन राहा. कुणी म्हणेल माझ्या पोराला कामावर ठेव, काम न करता पगार दे. कुणी म्हणेल तुझ्या लायसन्सवर माझा माल विक. आणि म्हणणारा माणूस असा असेल की ज्याला नाही म्हणायला जीभ रेटणार नाही. अशा वेळी मी स्वतःला तीन प्रश्न विचारते.

१. ही परतफेड माझ्या खिशातून होतेय का? माझा पैसा, माझा वेळ, माझे कष्ट, माझी ओळख, काहीही चालेल. पण सरकारचा टॅक्स, पार्टनरचा वाटा, गिऱ्हाइकाचा विश्वास, कामगाराचा पगार, हे माझं नाही. ते मी भेट देऊ शकत नाही.

२. हे मी दुकानात सगळ्यांसमोर मोठ्यानं सांगू शकते का? "काकांनी मला सांभाळलं म्हणून मी त्यांना आगाऊ पैसे दिले" हे मी कुणालाही सांगेन. "काकांनी मला सांभाळलं म्हणून मी खोटं बिल दिलं" हे सांगताना आवाज खाली येतो. आवाज खाली आला की समजायचं, हात चौकटीबाहेर गेला.

३. मी नाही म्हटलं तर समोरच्यानं आधी केलेली मदत रद्द होते का? होत असेल, तर ती मदत नव्हतीच, ते ॲडव्हान्स पेमेंट होतं. हा प्रश्न सगळ्यात कडू आहे. काकांच्या बाबतीत याचं उत्तर मी अजून दिलेलं नाही. मला वाटतं त्यांनी चेक ड्रॉवरमध्ये ठेवला तेव्हा मनात काही नव्हतं. ते नंतर आलं. माणूस तोच, पण २०२० मधला उपकार आणि मार्चएंडची मागणी, ही दोन वेगळी पानं. मी पहिलं पान फाडून टाकणार नाही.

या आठवड्याचं काम

एक वही घ्या. डाव्या पानावर लिहा: धंद्यात मला कुणी कुणी मदत केली. नाव आणि मदत. आकडा लिहू नका, तो निघणारच नाही. उजव्या पानावर लिहा: यातल्या प्रत्येकासाठी मी स्वतःच्या खिशातून काय करू शकतो किंवा शकते. छोटं चालेल. एक फोन, एक गिऱ्हाईक पाठवणं, वेळेआधी दिलेलं एक पेमेंट. त्यातलं एक काम या रविवारच्या आत करा.

उधारीची वही वेगळी ठेवा. तिच्यात यातलं एकही नाव आलं तरी चालेल, पण आकडा तिथल्या तिथेच राहू द्या.

आणि सिनेमा जरूर बघा, घरच्यांना घेऊन बघा. शेवटचा हात येईल तिथे थांबवा आणि त्यांना विचारा, हा हात कुणाचा? उत्तरं ऐका. माझ्या सासूबाई लगेच म्हणाल्या, "अगं, हा तर आपल्याकडचाच दिसतोय."

भेटू पुढच्या व्हिडिओत. विषय आहे: पहिला कामाचा माणूस कधी ठेवायचा. तोपर्यंत शटर वेळेवर उघडा!